आशिया चषकातलं कांस्य आणि दोन महिन्यांचा बर्फ

रानवारा
मे २०२५ च्या अखेरीपासून जूनच्या पहिल्या आठवड्यापर्यंत अमिरातीतल्या अल ऐनला, म्हणजे ऐन वाळवंटातल्या शहरात, महिलांच्या आइस हॉकीचा आशिया चषक झाला. आपल्या मुली तिथून कांस्यपदक घेऊन आल्या. या चषकातलं आपलं हे पहिलं पदक. आमच्याकडे येणाऱ्या पेपरात आतल्या पानावर चार ओळी होत्या. मी गेली आठ-नऊ वर्षं या संघाच्या बातम्या गोळा करते आहे, म्हणून म्हटलं आता नीट लिहून काढावं.

ही स्पर्धा नेमकी कुठल्या पायरीवरची, ते आधी सांगते. महिलांच्या जागतिक स्पर्धेचा सगळ्यात वरचा गट दहा संघांचा. कॅनडा, अमेरिका, फिनलंड, चेकिया ही मंडळी तिथली. त्याखाली पहिला विभाग, त्यात अ आणि ब गट. मग दुसरा विभाग, त्यातही अ आणि ब. मग तिसरा. खालच्या गटांत साधारण सहा-सहा संघ असतात, आठवडाभरात प्रत्येकाशी एक सामना होतो, पहिला येईल तो वर चढतो आणि शेवटचा खाली उतरतो. आपला संघ या शिडीवर अजून चढलेलाच नाही. आशिया चषक म्हणजे शिडीच्या आधीचा उंबरठा.

त्या उंबरठ्यापर्यंत यायलाही नऊ वर्षं गेली. २०१६ मध्ये तैपेईला या मुली पहिल्यांदा आंतरराष्ट्रीय सामने खेळल्या. एकही जिंकता आला नाही. पुढच्या वर्षी बँकॉकला जायचं तर पैसे नव्हते, लोकवर्गणी काढावी लागली. तिथे फिलिपिन्सला ४-३ असं हरवलं. भारतीय महिला संघाचा तो पहिला विजय. पाठोपाठ मलेशियालाही हरवलं. सामना संपल्यावर राष्ट्रगीत म्हणताना रडणाऱ्या त्या मुली मी मोबाइलच्या पडद्यावर पाहिल्या आणि तेव्हापासून त्यांना सोडलेलं नाही.

माझं म्हणणं एवढंच आहे की हे कांस्य बर्फाच्या तासांत मोजा. संघातल्या बहुतेक मुली लडाखच्या. त्यांना खेळण्याजोगा बर्फ मिळतो तो डिसेंबरच्या अखेरीपासून फेब्रुवारीच्या मध्यापर्यंत. बाकीचे दहा महिने तळ्यात पाणी असतं. ज्यांच्याशी त्या खेळतात त्यांच्या रिंकवर बारा महिने बर्फ असतो. बँकॉक आणि अल ऐन ही काही थंडीची गावं नव्हेत, पण तिथे छताखाली यंत्रानं गोठवलेला बर्फ आहे आणि आपल्याकडे हिमालय असून नाही.

आठपाऊस
ताई, फार छान लिहिलंत. मला या खेळातलं शून्य कळतं. मैदानी हॉकीपेक्षा यात वेगळं काय? आणि एका सामन्यात किती जणी असतात?

रानवारा
बर्फावर एका वेळी पाच स्केटर आणि एक गोलकीपर. सामन्यासाठी जास्तीत जास्त वीस स्केटर आणि दोन गोलकीपर घेता येतात. वीस-वीस मिनिटांचे तीन भाग. बॉलच्या जागी पक असतो, कडक रबराची चकती, साधारण १६० ग्रॅमची. आणि खेळाडू सतत बदलत असतात. एक तुकडी बर्फावर जाते, पाऊण मिनिट जिवाच्या आकांतानं पळते, बाहेर येते, दुसरी आत जाते. खेळ थांबायची वाट बघत नाहीत, चालू खेळातच कठड्यावरून आत-बाहेर.

खालच्या स्तरावर सामने इथेच फिरतात. बलाढ्य संघाच्या चारही तुकड्या सारख्या तोलाच्या असतात. नवख्या संघात दोन तुकड्या बऱ्या आणि बाकीच्या मुली शिकाऊ. मग त्याच दहा जणींना पुन्हा पुन्हा आत पाठवावं लागतं आणि तिसऱ्या भागात पाय उचलत नाहीत. धावफलकावर पहिला भाग ०-१, दुसरा ०-२ आणि तिसरा ०-५ असं दिसलं तर समजायचं की मुली हरल्या त्या दमून.

त्यात कुणी दोन मिनिटांची शिक्षा भोगायला बाहेर बसली की चौघींनी पाच जणींना थोपवायचं. थकलेला खेळाडू उशिरा पोचतो, उशिरा पोचला की स्टिक समोरच्याच्या पायात घालतो, की पुन्हा शिक्षा. हे चक्र एकदा लागलं की सामना हातचा जातो.

सिंधूकाठ
कामानिमित्त तीन हिवाळे लेहमध्ये काढले आहेत, त्यामुळे बर्फाबद्दल मी सांगू शकतो.

आपल्याला वाटतं तळं आपोआप गोठतं आणि पोरं खेळायला लागतात. तसं नसतं. नुसत्या गोठलेल्या तळ्यावर भेगा असतात, बुडबुडे असतात, वाऱ्यानं आलेली माती चिकटलेली असते. लेहची धूळ भयंकर. ती बर्फात रुतली की ब्लेडची धार एका सरावात जाते. म्हणून रोज रात्री वरून पाणी देऊन नवा थर धरवावा लागतो.

एका जानेवारीत कर्झू तळ्याशी रात्री साडेदहाच्या सुमाराला मी हे काम पाहत उभा होतो. तापमान उणे पंधराच्या आसपास. दोघं जण पाइप धरून उलटे चालत होते आणि त्यांच्या पुढे एक जण रुंद झाडूनं बर्फाचा चुरा लोटत होता. पाइपातून येणारं पाणी थंडच, पण हवा इतकी गार की त्याच्यातून वाफ निघत होती. पाणी एका जागी जास्त सांडलं तर उंचवटा होतो, म्हणून हात हलता ठेवायचा, बागेला पाणी घालतो तसा. पाइप मध्येच गोठला. तो काढून खांद्यावर घेतला, जवळच्या खोलीत नेऊन बुखारीशेजारी, म्हणजे खोली तापवायच्या शेगडीशेजारी ठेवला, पंधरा मिनिटांनी पुन्हा आणला. पहाटे मुली आल्या तेव्हा बर्फ काचेसारखा होता. दुपारी ऊन चढलं की वरचा थर ओला होतो आणि ब्लेड रुतायला लागतं. म्हणजे दोन महिन्यांतही चांगला बर्फ दिवसाचे थोडेच तास.

आणि ते थोडे तासही वाटून घ्यायचे असतात. लष्कराचे संघ, आयटीबीपी या सीमा दलाचे संघ, गावोगावचे मुलांचे संघ, शाळा, सगळ्यांना तोच बर्फ. सुरुवातीच्या काळात मुलींच्या वाट्याला रिंक यायचा तो मुलांचा सराव आटोपल्यावर, उखडलेला. हे मला तिथल्या वयस्क खेळाडूंनीच सांगितलं. लडाखमध्ये हा खेळ रुजला तोच मुळी सैनिकांमुळे, १९७० च्या दशकात, तेव्हा लष्करी बुटांना खाली ब्लेड ठोकून खेळायचे. त्यामुळे बरीच वर्षं तो पुरुषांचाच मानला गेला.

निरभ्र
मुलींचं कौतुक आहेच. पण थोडं वेगळं बोलतो, राग मानू नका. १४० कोटींचा देश, आशियातल्या मोजक्या संघांत तिसरा. यात चीन नाही, जपान नाही, कोरिया नाही, कझाकस्तान नाही. हे चौघं जागतिक स्पर्धेच्या वरच्या विभागांत खेळतात. मग या पदकाला ऐतिहासिक वगैरे म्हणताना आपण आपलीच समजूत काढत नाही का? आपल्याकडे बर्फ नाही हे खरं, पण मग ज्या खेळाला बर्फ लागतो त्यात पैसा घालायचाच कशाला? कबड्डी, कुस्ती, नेमबाजी आहेच की.

जुनीवही
निरभ्र, तुमच्या यादीतल्या कोरियाचीच गोष्ट सांगतो. मी आकडे लिहून ठेवणारा माणूस आहे, वही समोर घेऊनच बसलोय.

२००७ च्या आशियाई हिवाळी स्पर्धा चीनमध्ये चांगचुनला झाल्या. तिथे दक्षिण कोरियाच्या मुली जपानकडून ०-२९ अशा हरल्या. एकोणतीस. बरोबर दहा वर्षांनी, फेब्रुवारी २०१७ मध्ये, सप्पोरोच्या आशियाई स्पर्धेत त्याच कोरियानं थायलंडला २०-० नं हरवलं आणि जपानकडून हरताना फक्त तीन गोल खाल्ले. दोन महिन्यांनी गांगनुंगला दुसऱ्या विभागाच्या अ गटाची जागतिक स्पर्धा झाली. नेदरलँड्स, ब्रिटन, स्लोव्हेनिया, ऑस्ट्रेलिया आणि दोन्ही कोरिया. कोरियानं तो गट जिंकला आणि वर चढला.

त्या स्पर्धेतला ६ एप्रिलचा सामना मला विसरता येत नाही. दक्षिण विरुद्ध उत्तर, ३-०. सामना संपल्यावर दोन्ही संघांनी एकत्र उभं राहून फोटो काढला. जागतिक स्पर्धेच्या इतक्या खालच्या विभागातला सामना, एरवी कोण बघतं? पुढच्या वर्षी प्योंगचांग ऑलिंपिकला दोन्ही देशांच्या मुली एका जर्सीत उतरल्या. पहिल्या दोन सामन्यांत स्वित्झर्लंडकडून ०-८, स्वीडनकडून ०-८. मग १४ फेब्रुवारी २०१८ ला जपानविरुद्ध रँडी हीसू ग्रिफिननं गोल केला. तो सामनाही १-४ असा गेला, सगळे पाच सामने गेले, पण त्या गोलाचा पक जपून ठेवण्यासाठी बाजूला काढला गेला.

२००७ मध्ये कोरियातही कुणीतरी विचारलं असेलच की ०-२९ हरणाऱ्या पोरींवर पैसे कशाला घालायचे.

आठपाऊस
०-२९!! मला वाटलं छपाईची चूक आहे.

जुनीवही
त्याहून मोठं सांगतो. ६ सप्टेंबर २००८, लॅटव्हियातलं लिएपाया, २०१० च्या ऑलिंपिकसाठीची पूर्वपात्रता. स्लोव्हाकिया ८२, बल्गेरिया ०. साठ मिनिटांत ८२ गोल, म्हणजे दर ४४ सेकंदांना एक. स्लोव्हाकियाचे गोलवर १३९ फटके होते. जगभर त्याची चेष्टा झाली.

मी ती वजाबाकी करून बघितली. १३९ मधून ८२ गेले, उरले ५७. सत्तावन्न फटके बल्गेरियानं अडवले. अख्ख्या जगासमोर लाज चाललेली असताना गोलात जी कुणी उभी होती ती साठावं मिनिट संपेपर्यंत पकाच्या आड येत राहिली. माझ्या वहीत त्या दिवसाखाली ८२ लिहिलेलं आहे आणि त्याच्या शेजारी ५७ ही लिहिलेलं आहे.

कट्टेकरी
एक शंका. समोरचा संघ इतका दुबळा असताना ८२ गोल करायचेच कशाला? दहा-पंधरावर थांबता येत नाही का? की क्रिकेटमधल्या नेट रनरेटसारखं काही असतं, म्हणून गोल वाढवत राहावं लागतं?

रानवारा
चांगला प्रश्न आहे. रनरेटचा धाक इथे तितका नसतो. जिंकलं की तीन गुण. साठ मिनिटांत बरोबरी राहिली आणि जादा वेळेत किंवा शूटआउटमध्ये जिंकलं तर दोन, हरलं तरी एक. दोन संघांचे गुण सारखे झाले तर आधी त्या दोघांत झालेला सामना कोण जिंकलं ते बघतात. तळाच्या संघावर चढवलेले पंधरा गोल तिथे उपयोगी पडत नाहीत. तिघांचे गुण सारखे झाले तरी सुरुवात त्या तिघांमधल्याच सामन्यांपासून होते.

म्हणून खालच्या विभागाचा जाणता प्रशिक्षक ८-० झाल्यावर आपल्या चौथ्या तुकडीला जास्त वेळ देतो, दुसऱ्या गोलकीपरला उतरवतो, पोरींना सांगतो की गोल मारण्याआधी पाच पास झालेच पाहिजेत. समोरच्या संघालाही त्यातून थोडा पक मिळतो. तरीही मुद्दाम खेळ सोडून देणं मला पटत नाही. समोरच्यांनी सोडलंय हे मुलींना लगेच कळतं आणि ते हरण्यापेक्षा जास्त लागतं.

स्नेहल_आठचाकी
मी शाळा-कॉलेजात इनलाइन हॉकी खेळले आहे, राज्यापर्यंत. एकदाच, हट्टानं, एका हिवाळी शिबिराला गेले आणि बर्फावर उभी राहिले. त्या अनुभवावरून थोडं लिहिते, कारण लोकांना वाटतं चाकं येतात म्हणजे बर्फ येतोच.

पुढे जाणं येतं, खरंच येतं. पहिल्या दहा मिनिटांत मी वेगात होते. थांबता येईना. चाकांवर थांबायची सवय वेगळी. बर्फावर दोन्ही पाय आडवे करून ब्लेडची कड बर्फात अशी दाबायची की चुरा उडतो आणि माणूस जागच्या जागी थांबतो. ब्लेडच्या तळाला मधोमध पन्हळ असते, त्यामुळे एका ब्लेडला आतली आणि बाहेरची अशा दोन कडा. सगळा खेळ त्या दोन कडांवर. मी पहिल्यांदा प्रयत्न केला तेव्हा कड जास्त रुतली आणि गुडघ्यावर आले. पुढच्या वेळी घाबरून कमी दाबली, तर सरळ कठड्यात. तीन दिवस लागले नुसतं थांबायला शिकायला. शेजारी स्पीतीची बारा-तेरा वर्षांची एक मुलगी होती, ती गप्पा मारता मारता थांबत होती.

आता माझं निरीक्षण. तिथल्या मुली स्केटिंगमध्ये कुठेच कमी नाहीत. अडचण येते ती कठड्याची. उघड्या तळ्यावर भोवती ठेंगण्या फळ्या असतात, कुठे नुसता बर्फाचा बांध. बंदिस्त रिंकवर कमरेइतका कठडा आणि वर काच. तिथे पक कठड्यावर मारून, तो कुठल्या कोनात परत येईल हे ओळखून, समोरच्याच्या पाठीमागून आपल्याच मुलीला देतात. भिंतीशी हा पास खेळणं म्हणजे निम्मी आइस हॉकी. जिच्या सरावाच्या जागी भिंतच नाही तिला ते कळायला पहिली आंतरराष्ट्रीय स्पर्धाच लागते. आणि कोपऱ्यात दोघी-तिघी पकासाठी झटतात तेव्हाचं अंग कसं वापरायचं, तेही. महिलांच्या खेळात मुद्दाम अंगानं ठोकायला बंदी आहे, पण कठड्याशी खांद्याला खांदा लागतोच.

सिंधूकाठ
स्नेहल, अगदी खरं. शिवाय बंदिस्त रिंकचा बर्फ गुळगुळीत असल्यानं पक वेगात येतो. तळ्यावर तो उड्या मारत येतो, म्हणून इथल्या मुली स्टिकचं पातं किंचित उचलून पक थोपवतात. बाहेर गेल्यावर तीच सवय नडते, पक पात्याखालून निघून जातो.

मंद्रसप्तक
गोलकीपरबद्दल कुणीच लिहिलं नाही म्हणून लिहिते. नूर जहाँ हे नाव वाचलंय का कुणी? पहिल्या संघापासूनची गोलकीपर, लेहची. तिचं रोजचं काम कलेच्या जतनाचं. मठांमधली जुनी भित्तिचित्रं आणि थांगका, म्हणजे कापडावरची बौद्ध चित्रं, यांची दुरुस्ती करते, त्यासाठी बहिणीबरोबर संस्था काढली आहे. शतकांपूर्वीच्या रंगावरची काजळी कापसाच्या बोळ्यानं इंचाइंचानं काढणारे हात हिवाळ्यात पक अडवतात. मला हे वाचून काय वाटलं ते नीट सांगता येणार नाही, पण मी तिचा फोटो माझ्या मुलीच्या टेबलावर लावला आहे.

गोलकीपरचा सरंजाम पंधरा-वीस किलोंचा. पायांचे पॅड, छातीचं कवच, एका हातात ब्लॉकर, दुसऱ्या हातात झेलायचा ग्लोव्ह, जाळीचं हेल्मेट. सगळं महाग, आणि मापाचं नसलं तर निरुपयोगी. पॅड मोठा असला की खाली बसताना गुडघा पॅडच्या मधोमध येत नाही, पायांच्या मधल्या फटीतून पक जातो, आणि बघणारे म्हणतात गोलकीपर कच्ची आहे.

आठपाऊस
मंद्रसप्तक, मुलीच्या टेबलाचं वाचून डोळ्यांत पाणी आलं.
ताई, बाहेरच्या मोठ्या खेळाडूंनी कधी मदत केली का या मुलींना?

रानवारा
केली ना. कॅनडाची हेली विकेनहायझर, चार ऑलिंपिक सुवर्णपदकं जिंकलेली, महिला हॉकीतलं सगळ्यात मोठं नाव म्हटलं तरी चालेल. ती जानेवारी २०१८ मध्ये लेहला आली. सोबत पुरुषांच्या लीगमधला माजी खेळाडू अँड्र्यू फेरेन्स. किटच्या बॅगा घेऊन आले, मुलींना तळ्यावर शिकवलं, उंचीवर धाप लागत असताना त्यांच्याबरोबर खेळले. त्याच वर्षी नोव्हेंबरात तिनं आपल्या संघाला कॅलगरीला तिच्या महोत्सवात बोलावून घेतलं.

ती स्वतः ज्या काळातून आली तो बघितला तर हे नवल वाटत नाही. महिलांची पहिली जागतिक स्पर्धा १९९० मध्ये ओटावाला झाली. कॅनडाच्या संघाला तेव्हा गुलाबी जर्सी घातल्या होत्या, लोकांनी बघायला यावं म्हणून. ऑलिंपिकमध्ये महिलांची आइस हॉकी आली ती १९९८ ला, नागानोमध्ये. पुरुषांची १९२० पासून होती.

निरभ्र
जुनीवही आणि बाकी सगळ्यांचे आभार. कोरियाचं मला ठाऊक नव्हतं. माझा आक्षेप आता थोडा बदलतो. कोरियाला पुढे जाता आलं कारण ऑलिंपिक त्यांच्या घरी होतं आणि रिंक बांधले गेले. आपल्याकडे रिंकचं काय? डेहराडूनला एक होता ना?

कट्टेकरी
होता आणि आहे. २०११ च्या दक्षिण आशियाई हिवाळी स्पर्धांसाठी बांधला. ऑलिंपिक मापाचा, बंदिस्त. स्पर्धा झाल्या आणि पुढे कित्येक वर्षं तो बंद पडून राहिला. म्हणजे २०१६ ला मुली तैपेईला जाऊन सपाटून हरल्या तेव्हा देशात एक पूर्ण मापाचा रिंक होता आणि त्यात बर्फ नव्हता. २०२५ मध्ये तो पुन्हा सुरू झाला, ऑगस्टमध्ये तिथे आशियाई शॉर्ट ट्रॅक स्केटिंगची स्पर्धाही झाली. मला या सगळ्या प्रकरणात सर्वांत जास्त चीड याची येते. बांधलेला रिंक बंद ठेवणं हा पैशांचा प्रश्न आहे हे मान्य, बर्फ गोठता ठेवायला वीज चोवीस तास लागते. पण त्या चौदा वर्षांत मुलींच्या दोन पिढ्या खेळून निवृत्त झाल्या.

सिंधूकाठ
लेहलाही एन.डी.एस. स्टेडियममध्ये आता यंत्रानं गोठवलेला रिंक आहे, खेलो इंडियाचे सामने तिथे होतात. त्यानं मोसम थोडा लांबतो आणि दुपारी बर्फ मऊ पडायची भीती कमी होते. पण तो लेह शहरात. नुब्रा, चांगथांग, झंस्कारच्या मुलींचा सराव अजून गावच्या तळ्यावरच. आणि उन्हाळ्यात काय, हा प्रश्न तसाच. बऱ्याच जणी उन्हाळ्यात चाकांवर सराव करतात, डांबरी रस्त्यावर. स्नेहलनं लिहिलेला थांबण्याचा घोळ त्यांना उलट्या बाजूनं होतो, दर डिसेंबरात पहिले आठ दिवस कड पुन्हा पायात यायला जातात.

स्नेहल_आठचाकी
म्हणजे साठ दिवसांतले आठ तिथेच गेले.

चाकांचा उपयोग होतो मात्र. इराणच्या संघात इनलाइनवरून आलेल्या बऱ्याच जणी आहेत. तेहरानला एका मॉलमध्ये मोठा रिंक झाला, या मुली बर्फावर आल्या, आणि २०२३ मध्ये बँकॉकच्या आशिया-ओशनिया स्पर्धेत पहिल्याच प्रयत्नात रौप्य जिंकून गेल्या. हात तयार होते, पासचं डोकं तयार होतं. बर्फ मिळाल्याबरोबर सगळं जुळून आलं. आपल्याकडे इनलाइन खेळणाऱ्या मुली शेकड्यांनी आहेत आणि लडाखच्या मुलींना कडा जन्मजात येतात. या दोघींना एका छताखाली वर्षाचे सहा महिने ठेवून बघा. मी हे कुणाला सुनावण्यासाठी लिहीत नाही, माझं वय गेलं म्हणून हळहळ वाटते.

निरभ्र
पटलं. कबड्डी-कुस्तीचं बोललो ते मागे घेतो. ऐतिहासिक या शब्दाबद्दल मी अजून कंजूष आहे, पण डेहराडूनचं वाचल्यावर तिसरा क्रमांक मला कालच्यापेक्षा मोठा दिसतो आहे.

जुनीवही
वहीत नोंद केली: २०१६ तैपेई, विजय शून्य. २०१७ बँकॉक, फिलिपिन्स ४-३. २०२५ अल ऐन, कांस्य. पुढची ओळ रिकामी ठेवली आहे.

आठपाऊस
मला एक सांगा, जानेवारीत लेहला जाऊन हे सामने बघता येतात का? मुलीला दाखवायचं आहे.

सिंधूकाठ
येतात. विमानानं जा, हिवाळ्यात रस्त्यांचा भरवसा नाही. पोचल्यावर दोन दिवस नुसतं पडून राहा, साडेतीन हजार मीटर उंची आहे, उत्साहात पळायला जाऊ नका. सामने उघड्यावर, काठाशी उभं राहून बघायचे. मुलीला लोकरीचे दोन मोजे घाला आणि वर सैल बूट. घट्ट बुटात पाय लवकर गारठतात. स्पर्धेच्या दिवशी तळ्याच्या काठावर निम्मं लेह असतं, आज्या जपमाळ हातात घेऊन नातींना ओरडून सांगत असतात की पक सोड, पास दे.

रानवारा
काही महिन्यांनी परत येते आहे. डिसेंबर उजाडला. सिंधूकाठ, तिकडे कुणाशी बोलणं होतं का अजून? बर्फ धरला का?

सिंधूकाठ
कालच फोन झाला. मी राहायचो त्या वस्तीजवळच्या तळ्यावर काठाकाठानं धरलाय, मध्ये अजून पातळ आहे. घरमालकांची धाकटी गोलकीपर आहे, यंदा लडाखच्या संघाच्या निवडीला बसणार. रोज शाळेतून येताना स्टिक उलटी धरून दांड्यानं काठावर ठोकते, आवाज ऐकते आणि घरी येऊन सांगते. परवापर्यंत पोकळ येत होता. काल म्हणाली, दहा पावलांपर्यंत भरीव आहे. आज रात्री पाइप काढणार आहेत.